सहा हात, सहा आयुधे

लोहगडवाडीतल्या एका शिबिरात ‘हिंदू तत्त्वज्ञानाची ओळख’ या विषयावर व्याख्यान झाले. वक्त्यांचे नाव घेत नाही. त्यांचे मत आज इतक्या तोंडांतून ऐकू येते, की ते एकाच्या नावावर टाकणे अन्यायाचे होईल. मत असे: आपली सहा दर्शने म्हणजे एकाच गडावर जाणाऱ्या सहा वाटा. न्याय, वैशेषिक, सांख्य, योग, मीमांसा, वेदान्त ही नावे परीक्षेपुरती. सार एकच, ब्रह्म सत्य आणि बाकी सारी माया. आत्मा, कर्म, पुनर्जन्म, मोक्ष हे चार शब्द कळले की ओळख पूर्ण. वादविवाद हा पंडितांचा रिकामा उद्योग, आणि आपसांत भांडायची सवय आपल्याला परक्यांनी लावली. वक्त्यांनी समोरच्या लोहगडाकडे बोट दाखवले आणि टाळ्या पडल्या.

राग मला त्या टाळ्यांचा आला. दीड-दोन हजार वर्षे माणसांनी ज्या प्रश्नांवर आयुष्ये वेचली, ते प्रश्न पाऊण तासात पुसून टाकले गेले आणि ऐकणाऱ्यांना हायसे वाटले.

गडाचा दाखला दिलाच आहे, तर गडाचीच वाट धरू. मळवली स्टेशनावर उतरून भाजे गावातून चढणारा माणूस गायमुख खिंडीत येतो. तिथून एक वाट लोहगडवाडीला येते, दुसरी विसापूरला जाते. “कुठलीही धर, एकाच ठिकाणी पोहोचशील” असे त्या खिंडीत कोणी नवख्याला सांगू लागला, तर वाडीतली शाळकरी पोरे त्याला अडवतील. दर्शनांच्या बाबतीत मात्र हेच वाक्य आपण शहाणपणाचे म्हणून ऐकून घेतो. सांख्यांचे कैवल्य म्हणजे पुरुषाचे प्रकृतीपासून सुटून एकटे उरणे. असे पुरुष अनेक, आणि मुक्त झाल्यावरही ते एकमेकांत मिसळत नाहीत. ईश्वरकृष्णाच्या सांख्यकारिकेत २५ तत्त्वे मोजली आहेत. त्यांत ईश्वर नाही. नैयायिकांचा अपवर्ग म्हणजे दुःखाचा कायमचा शेवट. तिथे दुःख नाही तसे सुखही नाही, जाणीवही नाही. म्हणून तर बाराव्या शतकातल्या श्रीहर्षाने नैषधीयचरितात न्यायसूत्रकार गौतमाची टर उडवली, की याने शहाण्या माणसांना दगड होण्याचे शास्त्र सांगितले. शंकराचार्यांचा मोक्ष म्हणजे ब्रह्मच असणे, आनंदरूप असणे. रामानुजांचा मुक्त जीव नारायणाहून वेगळा राहतो आणि त्याच्या सेवेत धन्यता मानतो. जैमिनीच्या सूत्रांना तर धर्म आणि यज्ञ यांची चिंता. जग निर्माण करणाऱ्या ईश्वराची मीमांसकांना गरजच भासली नाही. एकटे उरणे, जाणीवशून्य होणे, ब्रह्म असणे आणि सेवेत असणे. यांतला कोणता माथा लोहगडाचा?

याच दाखल्यातली दुसरी गोष्ट मला अधिक खुपते. विसापूर लोहगडापेक्षा उंच आहे. १८१८ मध्ये इंग्रजांनी आधी विसापूर घेतला आणि त्यापाठोपाठ लोहगड पडला. ‘सगळ्या वाटा एकच’ म्हणणारा माणूस असाच गुपचूप उंच जागा धरून बसलेला असतो. ‘सार एकच’ म्हटल्यावर सार म्हणून तो काय पुढे करतो? अद्वैत. सांख्य, न्याय, मीमांसा या त्याच्या लेखी खालच्या पायऱ्या, वेदान्ताकडे जाण्यापुरत्या. याला समन्वय म्हणतात, पण हा न लढता मिळवलेला विजय आहे. आणि तो शंकराचार्यांच्या नावावर मिळवणे हा तर त्यांचा अपमान आहे. त्यांनी असला फुकटचा विजय कधी घेतला नाही. ब्रह्मसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायाचा दुसरा पाद, ज्याला तर्कपाद म्हणतात, तो अथपासून इतिपर्यंत परमतखंडनाचा आहे. सांख्य, वैशेषिक, बौद्ध, जैन, पाशुपत, पांचरात्र, एकेकाला समोर घेऊन आचार्यांनी आपल्या भाष्यात त्यांचे म्हणणे मांडले आणि मग खोडले. सांख्यांना त्यांनी प्रधानमल्ल मानले: मुख्य पैलवान चीत झाला की बाकीचे हरल्यात जमा. प्रतिस्पर्ध्याला पैलवान म्हणण्यात त्याचा मान आहे. ‘तूही माझेच म्हणतोस’ असे सांगून त्याला आखाड्याबाहेर बसवण्यात कसला मान?

आणि अद्वैताला तरी कोणी सुखाने बसू दिले? रामानुजांनी श्रीभाष्यात मायावादावर सात आक्षेप घेतले. त्यातला पहिलाच बिनतोड आहे: ही अविद्या राहते कुठे? जीवात म्हणावी तर जीव स्वतःच अविद्येमुळे झालेला. ब्रह्मात म्हणावी तर ब्रह्म ज्ञानरूप, तिथे अज्ञान कसे नांदेल? मध्वांनी भेदच खरा ठरवला आणि त्याचे पाच प्रकार सांगितले. वेदान्ताच्या एका घरात ही स्थिती, मग साऱ्या दर्शनांचे सार कोण काढणार?

भांडणे परक्यांनी शिकवली, या विधानाला एका ओळीचे उत्तर पुरे: गौतमाच्या न्यायसूत्रांत वाद, जल्प, वितंडा हे चर्चेचे तीन प्रकार आणि वादात हार ठरवणारी २२ निग्रहस्थाने परके येथे येण्याच्या कितीतरी आधीची आहेत.

‘लोकांना हे झेपत नाही’ हे जुने पालुपदही त्या व्याख्यानात आलेच. कुरवंड्याजवळ उगम पावलेली इंद्रायणी देहूवरून आळंदीला जाते. त्या दोन गावांच्या संतांकडे पाहा. ज्ञानेश्वरांच्या अमृतानुभवातल्या दहा प्रकरणांपैकी सहावे शब्दखंडन, सातवे अज्ञानखंडन, आणि सर्वांत लांब प्रकरण हे सातवेच. वेदान्ती ज्या अज्ञानावर सगळा डोलारा उभारतात, ते अज्ञान म्हणून काही आहे हेच ज्ञानेश्वरांना मान्य नाही. तुकोबांनी तर अद्वैताची बोली आपल्याला नको, देव वेगळा आणि भक्त वेगळा असू दे, असे उघड मागितले. या दोघांच्या पालख्या एकाच पंढरीला जातात हे खरे. म्हणून त्यांचे म्हणणे एक होते असे नाही, आणि मावळातल्या वारकऱ्याला त्याची कधी अडचण झालेली नाही. त्याने दोघांनाही पाठ केले. झेपत नाही ते सांगणाऱ्याला.

एक ग्रंथ विरुद्ध बाजूने दाखवला जातो, म्हणून त्याचा उल्लेख करतो. चौदाव्या शतकातला माधवाचार्यांचा सर्वदर्शनसंग्रह चार्वाकापासून सुरू होतो आणि एकेक दर्शन चढत अद्वैतावर थांबतो. वासुदेवशास्त्री अभ्यंकरांनी स्वतःची संस्कृत टीका जोडून तो संपादला आणि १९२४ साली पुण्याच्या भांडारकर संस्थेने छापला. हा संग्रह म्हणजे पायऱ्यांचा पुरावा, असे पूर्वी एका जाणकाराने मला ऐकवले होते. पण पुढचे दर्शन मागच्यातल्या चुका दाखवूनच उभे राहते, हे त्या ग्रंथाचे अंतरंग. योगाचीही तीच गत. पतंजलीचा योग जीव-शिवाच्या ऐक्यासाठी आहे असे लोणावळ्याच्या अर्ध्या पाट्या सांगतील; पण त्याची दिशा पुरुषाला प्रकृतीहून वेगळा ओळखण्याची, म्हणजे नेमकी उलट आहे.

मग ओळख करून द्यायची कशी? ज्ञानेश्वरांनी शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, नेवाशाला ज्ञानेश्वरीच्या पहिल्याच अध्यायात ती करून दिली आहे. त्यांच्या गणेशाचे सहा हात म्हणजे सहा दर्शने, आणि त्या हातांत एकमेकांशी न जुळणारी आयुधे. तर्क हा परशू, वेदान्त हा मोदक. मोडका दात म्हणजे वार्तिककारांनी खंडित केलेले बौद्धमत. खंडित, पण हातात धरलेले. मूर्ती एक आहे आणि आयुधांतला विसंवाद लपवलेला नाही. अमृतानुभवात तर ते म्हणतात की शिवाने किंवा कृष्णाने सांगितले म्हणून मी हे मानत नाही. त्यांनी सांगितले नसते तरी हे असेच असते. ज्याला हिंदू तत्त्वज्ञान शिकवायचे आहे त्याने या वृत्तीपासून सुरुवात करावी. चार शब्दांऐवजी एक वाद द्यावा, दोन्ही बाजूंनी, पूर्ण जोराने.

असा वाद घ्यायला शिबिराची ही जागा सोयीची आहे. भाज्याची लेणी खालीच आहेत, इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकाच्या सुमाराला खोदलेली, बौद्धांची. शिबिरातल्या मुलांना तिथल्या चैत्याच्या खांबापाशी न्यावे. खांब आधी डोळ्यांनी पाहा, मग हाताने चाचपा. ‘जे मी पाहिले त्यालाच मी हात लावतो आहे’ असे तुम्ही म्हणता. डोळ्यांना स्पर्श होत नाही, त्वचेला दिसत नाही. मग दोन्हींचा मेळ घालणारा हा ‘मी’ कोण? इंद्रियांहून वेगळा आत्मा, असे न्यायसूत्रांचा तिसरा अध्याय सांगतो. बौद्ध उत्तर देतात की टिकणारा मालक कशाला हवा? आधीच्या क्षणाचा संस्कार पुढच्या क्षणात उतरला की स्मरण होते, मेळही बसतो. नैयायिक विचारतो, दर क्षणी जाणणारा नवा असेल तर एकाने पाहिलेले दुसऱ्याला कसे आठवेल? तुम्ही पाहिलेले मला आठवत नाही. बौद्ध म्हणतात, तुमचा आणि माझा प्रवाह वेगळा म्हणून. नैयायिक लगेच विचारतो, प्रवाह एक आहे की वेगळा हे ठरवणारा कोण?

पुढच्या शिबिरात हा वाद त्या लेण्यात, मुलांसमोर व्हावा अशी माझी मागणी आहे. मी नैयायिकांची बाजू घेतो. वक्त्यांनी बौद्धांची घ्यावी, आणि ‘दोघेही तेच म्हणतात’ हे उत्तर त्या दिवशी धरले जाणार नाही.