संशय आणि पुरावा

छत्रपती शिवाजी महाराजांवर विषप्रयोग झाला होता का? घरात इतिहासाच्या गप्पा निघाल्या की हा प्रश्न येतोच. इथे वाढलेली मुलं लगेच पुढचं विचारतात, "मग फॉरेन्सिक टेस्ट का नाही करत?" प्रश्न रास्त आहे. अमेरिकेने ते करून पाहिलं आहे.

बारावे राष्ट्राध्यक्ष झॅकरी टेलर 4 जुलै 1850 च्या समारंभानंतर आजारी पडले आणि 9 जुलैला गेले. नव्या प्रदेशांत गुलामगिरी पसरू देण्याला त्यांचा विरोध होता, त्यामुळे त्यांना आर्सेनिक दिलं असावं, असा संशय पुढे घेतला गेला. जून 1991 मध्ये वंशजांच्या संमतीने लुईव्हिल इथली त्यांची कबर उघडली. आर्सेनिक केसांत आणि नखांत साठतं, दीर्घकाळ टिकतं. टेनेसीतल्या ओक रिज प्रयोगशाळेत नमुने तपासले. आर्सेनिक निघालं, पण विषबाधेत सापडेल त्याच्या शेकडो पटींनी कमी. विषाचा आधार मिळाला नाही.

महाराज 3 एप्रिल 1680 रोजी रायगडावर गेले. त्यांच्यावर अग्निसंस्कार झाला. तपासायला ना केस, ना नख. उरतात ते कागद. सभासद बखर ज्वर सांगते, मुंबईच्या इंग्रजांचं पत्र रक्तातिसार. विषाची कुजबुजही जुनीच, आणि तिचं बोट बहुतेक वेळा सोयराबाईंकडे वळतं. राजारामांना गादी मिळावी असं त्यांना वाटत होतं हे खरं; पण इच्छा म्हणजे पुरावा नव्हे. आर्सेनिकनेही अतिसार होतो, तेव्हा विष नव्हतंच असंही नुसत्या कागदांवरून छातीठोकपणे सांगता येणार नाही.

म्हणूनच माझं म्हणणं एवढंच : जिथे प्रयोगशाळा निकाल देऊ शकत नाही, तिथे आपणही देऊ नये. सोयराबाईंना स्वतःची बाजू मांडता येत नाही. तरी व्हॉट्सॲपवर त्यांना रोज दोषी ठरवलं जातं, आणि आपण ते पुढे ढकलतो. गुन्हा सिद्ध होईपर्यंत माणूस निर्दोष, हे आपली मुलं इथल्या शाळेत शिकतात. तोच न्याय रायगडावरच्या राणीलाही लावा.

मुलांनी पुन्हा विचारलं, तर बखर काय म्हणते, पत्र काय म्हणतं, दोन्ही समोर ठेवा आणि सांगा, "नक्की कोणालाच माहीत नाही." महाराज त्याने लहान होत नाहीत.