बोळ बंद झाला असेल, तर आजच लेखी हरकत घ्या

पेठेतल्या सर्व दुकानदार बंधू-भगिनींनो,

कोर्टाला दिवाळीची सुट्टी लागायला थोडेच दिवस उरलेत, आणि कोणाचा बोळ अडवायचा असेल तर हाच मोका साधला जातो. शनिवारी संध्याकाळी पत्रे येऊन पडतात, रात्रीतून अँगल रोवले जातात आणि सोमवारी किल्ल्या घेऊन आलेल्या माणसाला स्वतःच्या शटरपर्यंत पोचता येत नाही.

असं झालं तर आधी पहार खाली ठेवा. वहिवाटीच्या वाटेत कोणी बेकायदा अडथळा घातला, तरी तो आपल्या हाताने काढता येत नाही, असं १८८२ च्या सुखाधिकार कायद्याचं कलम ३६ सांगतं. उचकटलात तर फिर्याद तुमच्यावरच व्हायची.

मात्र गप्प बसू नका. हे पत्रक त्यासाठीच काढलंय. "दिवाळी होऊ दे, मग बसून मिटवू" म्हणत आपल्याकडे वर्षं जातात. याच कायद्याच्या कलम १५ नुसार २० वर्षं उघडपणे, हक्काने आणि खंड न पडता वापरलेल्या वाटेवर हक्क बसतो. जागा सरकारी असेल तर ३० वर्षं लागतात. पण अडथळा कोणी घातला हे कळूनही वर्षभर चालवून घेतलंत, तर वापरात खंड पडला असं धरलं जातं. आणि वाट बंद होऊन दोन वर्षं उलटली, की त्याआधीचा वापर कितीही जुना असो, या कलमाखाली उपयोगी पडत नाही. "जा की इथून, आपलंच आहे" असं म्हणून शेजाऱ्याने परवानगीने दिलेली वाट तर हक्कात मोजलीच जात नाही.

म्हणून आजच फोटो काढा, तारखेसकट. हरकत स्पीड पोस्टाने पाठवा, पोचपावती जपा. सिटी सर्व्हेचा उतारा, जुनं लायसन, लाइट बिल, खरेदीखत किंवा भाडेकरार हुडकून ठेवा. बोळातून वर्षानुवर्षं मालाची हातगाडी ओढणाऱ्या हमालाची साक्षही मोलाची असते, ती कोणाच्या लक्षातच येत नाही. वकिलांना तात्पुरत्या मनाई हुकमाचा अर्ज आणि जागेची पाहणी करायला कोर्ट कमिशनर मागायला सांगा. तातडीच्या कामासाठी सुट्टीतही न्यायाधीश असतात.

रस्ता सार्वजनिक असेल तर नगरपालिकेत तक्रार द्या. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १५२ खाली कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडेही जाता येतं.

एक कटू गोष्ट. आपल्यातलेच काही जण बोळात खोकी रचतात, फ्लेक्सचे सांगाडे टेकवतात. ती आज उचला; उद्या समोरचा वकील त्यांचेच फोटो कोर्टात दाखवेल.

ज्यांची वाट अडली आहे त्यांनी येत्या शनिवारी सकाळी दहा वाजता कागदांच्या झेरॉक्स घेऊन मंडळाच्या कार्यालयात यावं. वकील तिथे असतील.

आपला,
चिटणीस, व्यापारी मंडळ