पोटखराब्यातली दीपकाडी

लालबाग-परळच्या चाळींत, आणि आता त्या चाळींच्या जागी उभ्या राहिलेल्या टॉवरांतही, कितीतरी घरांत एक सातबारा जपून ठेवलेला असतो. प्लॅस्टिकच्या पिशवीत, रेशनकार्डाच्या सोबत. त्यावर आजोबांचे नाव, चुलत आजोबांचे नाव, लग्न होऊन गेलेल्या आत्यांची नावे. निम्म्या वारसनोंदी झालेल्या, निम्म्या राहिलेल्या. भाताची खाचरे काही गुंठे. उरलेली जमीन वरकस नाहीतर पोटखराबा. गावात तिला सडा म्हणतात. गिरणगावातल्या चाकरमान्याने या जमिनीकडे कधी फारसे लक्ष दिले नाही, कारण तिच्यातून काही पिकत नाही, असे त्याला लहानपणापासून सांगण्यात आले.

ही समजूत चुकीची आहे आणि तिची किंमत आज कोकण मोजतो आहे.

रत्नागिरी-सिंधुदुर्गातला सडा मे महिन्यात अनवाणी पायाने ओलांडता येत नाही. जांभा तापून काळवंडतो, गवताची काडीसुद्धा हिरवी दिसत नाही. जूनमध्ये पाऊस लागला की कातळाच्या खोलगट जागांत, जिथे बोट-दोन बोटे माती साचलेली असते, तिथे हिरव्या अरुंद पाती वर येतात. थोड्याच दिवसांत त्या पातींमधून एक बिनपानांचा दांडा उभा राहतो आणि त्यावर पांढरी फुले येतात: खाली बारीक नळी, टोकाला सहा पाकळ्या. पुढे तीन कप्प्यांचे बोंड धरते आणि ते उकलले की आत काळ्या, चपट्या बिया. पाऊस सरला की सगळे सुकून जाते. उरतो तो मातीखालचा कंद, कांद्यासारखा, पापुद्र्यांत गुंडाळलेला. कोरडे महिने तो तापलेल्या दगडाच्या कुशीत काढतो.

ही कोकण दीपकाडी. शास्त्रीय नाव डिपकॅडी कोंकानेन्से. निकोल डाल्झेल या स्कॉटिश वनस्पतिशास्त्रज्ञाने एकोणिसाव्या शतकात तिची पहिली शास्त्रीय नोंद केली. त्याने अलेक्झांडर गिब्सनसोबत लिहिलेला ‘बॉम्बे फ्लोरा’ हा ग्रंथ १८६१ साली प्रसिद्ध झाला आणि मुंबई इलाख्यातल्या वनस्पतींच्या अभ्यासाचा तो पाया ठरला. पश्चिम किनाऱ्याचा हा पट्टा सोडला तर दीपकाडीची ही जात जगात कुठेही उगवत नाही. तिच्या भाऊबंदांपैकी एक जात तर मुंबईचीच. साष्टीतल्या खडकांवरच्या डिपकॅडी सॅक्सोरमचे वर्णन केले ते सेंट झेवियर्स कॉलेजच्या फादर एथेलबर्ट ब्लॅटर यांनी. त्यांच्या नावाचा वनस्पतिसंग्रह आजही धोबीतलावच्या त्याच कॉलेजात आहे.

गावाकडे अशा साऱ्या कंदांना सरसकट रानकांदा म्हणतात. त्यात धोका आहे, हे इथेच सांगायला हवे. डोंगरउतारावरचा कोळकांदा दिसायला थेट कांदाच, पण त्यात हृदयावर परिणाम करणारी विषारी द्रव्ये असतात. औषधशास्त्राने त्याचा उपयोग केला, तो मोजून-मापून. तेव्हा रानभाजी समजून कुठलाही कंद उकरून घरी आणू नये.

स्वयंपाकघरातल्या कांद्याचे खरे रानटी नातलग दूर, मध्य आशियातल्या कोरड्या, खडकाळ डोंगरांत सापडतात. तुर्कमेनिस्तान आणि इराणच्या सीमेवरच्या कोपेत दाग पर्वतात कांद्याची एक जवळची रानटी जात अजून टिकून आहे. रशियन शास्त्रज्ञ निकोलाय वाविलोव यांचे नाव तिला दिलेले आहे. आपल्याकडे हिमालयाच्या उंच, कोरड्या भागातही रानटी कांद्याच्या जाती आहेत. कुमाऊँमध्ये जंबू नावाने त्यांची वाळलेली पात डाळीच्या फोडणीत पडते. दीपकाडी या कुळातली नाही, वनस्पतिशास्त्राच्या नव्या मांडणीत ती शतावरीच्या कुळात जाते. पण कोपेत दाग असो, लडाख असो की देवगडचा सडा, वर्षातले बरेच महिने पाणी नाही आणि मूठभर मातीत जगायचे आहे, या अडचणीवर वनस्पतींनी काढलेला तोडगा सारखाच आहे: जमिनीखाली शिदोरी बांधून ठेवायची.

तिचा उपयोग काय, हा प्रश्न येतोच. दीपकाडीपासून कांद्याचे नवे वाण निघणार नाही, आणि तसे आमिष दाखवून तिची बाजू मांडणे खोटेपणाचे होईल. पण उपयोग सड्याचा आहे, आणि दीपकाडी ही तो सडा शाबूत असल्याची खूण आहे. कातळावर पडलेले पाणी जांभ्याच्या भेगांतून झिरपते आणि सड्याखालच्या वाडीच्या विहिरीला, झऱ्याला मिळते. पावसाळ्यात गुरे चरतात ती इथेच. गणपतीच्या माटवीला बांधायची शेरवडं, तेरडा, कळलावी, कवंडाळं आणायला पोरे जातात ती सड्यावर आणि त्याच्या उतारावर. हजारो वर्षांपूर्वी माणसाने ज्यावर हत्ती, मासे आणि माणसांच्या आकृती कोरल्या, तोही हाच कातळ. कोकणातली ही कातळशिल्पे २०२२ पासून युनेस्कोच्या संभाव्य वारसास्थळांच्या यादीत आहेत.

सरकारी कागद मात्र वेगळेच सांगतात. देशाच्या पडीक जमिनींचा नकाशासंग्रह केंद्र सरकार उपग्रहाच्या चित्रांवरून तयार करते. त्याची एक आवृत्ती २०१९ साली निघाली. त्यात नापीक खडकाळ जमीन हा पडीक जमिनीचाच एक प्रकार धरलेला आहे. जमीन पडीक ठरली की ती ‘उपयोगात आणणे’ हे पुण्यकर्म ठरते. मग सुरुंग लावून खड्डे पाडायचे, बाहेरून माती आणून भरायची आणि कलमे लावायची. रोजगार हमीशी जोडलेल्या फळबाग योजनेने १९९० नंतर या कामाला वेग दिला. हापूसने कोकणातल्या अनेक घरांना उभे केले, हे खरे आहे आणि ते नाकारण्याचे कारण नाही. चिरेखाणींनीही घरे बांधली. पण एका सड्यावर दोन बागा आणि अख्खा सडा सपाट, यात फार अंतर आहे. यंत्राने कातळाचा वरचा थर खरवडला की त्या थरातले कंद, बिया, सगळे एका दिवसात जाते. ते परत येत नाही, कारण ती बोटभर माती साचायलाच पिढ्या लागलेल्या असतात.

साताऱ्याच्या कासची गोष्ट पाहा. तेही पठारच. २०१२ साली पश्चिम घाटाच्या जागतिक वारशात त्याचा समावेश झाला आणि आज फुलांच्या हंगामात लोक तिकीट काढून तिथे जातात. वनस्पती-अभ्यासक डॉ. अपर्णा वाटवे यांच्यासारख्यांनी सह्याद्री आणि कोकणातल्या खडकाळ पठारांचा वर्षानुवर्षे अभ्यास केला आहे. अभ्यासाची उणीव नाही. कोकणातला फरक मालकीचा आहे. इथले बहुतेक सडे खासगी आहेत. वनखाते त्यांना वाचवू शकत नाही, विकायचे की राखायचे ते सहहिस्सेदार ठरवतात. आणि सहहिस्सेदार लालबागला, परळला, काळाचौकीला, आता डोंबिवली-विरारलाही राहतात. जमिनीचा एजंट सह्या गोळा करायला पहिल्यांदा मुंबईतच येतो, हे कुठलाही गाववाला सांगेल. २०२३ च्या एप्रिलमध्ये राजापूर तालुक्यातल्या बारसूच्या सड्यावर रिफायनरीसाठी माती परीक्षण सुरू झाले आणि गावकरी आडवे झाले, तेव्हा साऱ्या राज्याने सडा या जमिनीचे नाव ऐकले. चिरेखाणीसाठी, प्लॉटिंगसाठी जाणाऱ्या लहान-लहान सड्यांची बातमीही होत नाही.

यावर कायद्यात वाट आहे. २००२ च्या जैवविविधता कायद्याने प्रत्येक ग्रामपंचायतीत जैवविविधता व्यवस्थापन समिती आणि लोकजैवविविधता नोंदवही असायला हवी. त्याच कायद्याखाली राज्य सरकार एखादी जागा जैवविविधता वारसास्थळ म्हणून जाहीर करू शकते. सिंधुदुर्गात आंबोलीला हिरण्यकेशीच्या उगमाजवळच्या एका छोट्या माशासाठी असे स्थळ जाहीर झाले आहे. माशासाठी झाले, तर दीपकाडीच्या सड्यासाठी का होऊ नये? रत्नागिरी आणि सिंधुदुर्गात प्रत्येक तालुक्यात निदान एक सडा अखंड राखावा, राखणाऱ्या हिस्सेदारांना सरकारने दरवर्षी मोबदला द्यावा आणि महसूल खात्याने कातळाला पोटखराब्यातून काढून स्वतंत्र वर्ग द्यावा, ही मागणी गिरणगावातल्या ग्रामस्थ मंडळांनी करायची आहे. देणगीच्या पावत्या, देवळाचा जीर्णोद्धार, एसटीचे ग्रुप बुकिंग हे सगळे ती मंडळे वर्षानुवर्षे शिस्तीने करत आली आहेत.

१५ ऑगस्टला गावोगाव ग्रामसभा भरते. त्या सुमारास सडा हिरवा असतो आणि गणपतीच्या तयारीसाठी मुंबईकरांची ये-जा सुरू होते. त्या सभेत दोन प्रश्न विचारावेत: नोंदवही खरोखर लिहिली आहे का, आणि आपल्या सड्याचा गट नंबर तिच्यात आहे का. नसेल तर तो त्याच दिवशी ठरावाने घालून घ्यावा.