‘घरंदाज’ नटीचे कौतुक पुरे!

दुर्गाबाई खोटे यांच्यावर कुणीही लिहायला बसला की पहिल्या चार ओळींत एक शब्द पडलाच म्हणून समजा. ‘घरंदाज’, नाहीतर ‘कुलीन’. बाईंचा अभिनय मागाहून पाहू, आधी घराण्याचा दाखला हजर करा! मी पाथरीसारख्या तालुक्याच्या गावचा मास्तर. चार कादंबऱ्या लिहिल्या असतील-नसतील. मोठ्या टीकाकारांशी भांडण्याचा माझा वकूब नाही. पण या शब्दाशी माझे उभे वैर आहे.

१९१३ साली फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ काढला, तेव्हा तारामतीच्या कामाला बाई मिळेना. शेवटी साळुंके नावाच्या पुरुषाला लुगडे नेसवले. त्याच साली ‘मोहिनी भस्मासुर’साठी दुर्गाबाई कामत आणि त्यांची लहानगी कमला या मायलेकी कॅमेऱ्यापुढे उभ्या राहिल्या, आई पार्वती, लेक मोहिनी. पुढे १९ वर्षांनी प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’त शांतारामबापूंनी तारामती दिली ती दुर्गाबाई खोट्यांना. वाट आधीच पाडलेली होती. ती पाडणाऱ्या मायलेकींची नावे आज किती घरांत ठाऊक आहेत?

आणि खोटेबाई तरी काय हौसेने आल्या? माहेर मुंबईच्या लाडांचे, वडील सॉलिसिटर, कॉलेज सेंट झेवियर्स. सासरची परिस्थिती खालावली, पदरात दोन मुलगे. घराण्याच्या नावाने चूल पेटत नाही, म्हणून त्या कामाला लागल्या. ‘फरेबी जाल’मधल्या (१९३१) लहानशा कामावरून केवढी छी-थू झाली! तेव्हा लोकांना त्यांचे कूळ आठवले ते दटावण्यासाठी. नाव झाल्यावर तेच कूळ हार म्हणून गळ्यात घातले. ‘अमरज्योती’तली (१९३६) सूडाने पेटलेली सौदामिनी, शिरवाडकरांच्या ‘राजमुकुट’मधली मॅकबेथची बायको, ‘मुगल-ए-आझम’ची (१९६०) जोधाबाई, ‘बॉबी’तली (१९७३) मिसेस ब्रगांझा, हे सारे काय लाडांच्या दिवाणखान्यातून आले? १९८३चे फाळके पारितोषिक कुळाला मिळालेले नाही.

हंसा वाडकर पाहा. मूळची रतन साळगावकर. घरखर्चासाठी कोवळ्या वयात तोंडाला रंग लावला, १९३६ सालापासून. ‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) आणि ‘सांगत्ये ऐका’ (१९५९) तिने गाजवले. मग स्वतःची कहाणी काहीही न झाकता सांगितली, तर लोकांनी पुस्तक चोरून वाचले आणि बाईला नावे ठेवली. तिला कुणी कुलीन म्हटले नाही. राबणे दोघींचे एकच होते.

हा शब्दांचा खेळ नाही हो. आमच्या गॅदरिंगला नाटक बसवायचे म्हटले की मुली धावत येतात, आणि दोन दिवसांनी त्यांचे वडील. आठवीतली एक पोर. आवाज असा की शेवटच्या बाकापर्यंत खणखणीत. वडील म्हणाले, “सर, आम्ही तसल्या घरचे नाही.” मी दुर्गाबाईंचे उदाहरण दिले. ते शांतपणे म्हणाले, “ती मोठ्या घरची बाई. तिला कोण बोलणार?”

काय उत्तर देऊ? हे त्यांना आपणच शिकवले आहे. कौतुकाच्या लेखांतून, सत्काराच्या भाषणांतून. पोरीचे काम शेवटी नववीतल्या एका मुलाने ओढणी घेऊन केले. फाळक्यांच्या साळुंक्याला शंभर वर्षे उलटून गेल्यावर!

यंदाचे नाटक बसवायला घेतले आहे. बाईची कामे मुलीच करतील, एवढे मी मुख्याध्यापकांना सांगून ठेवले आहे.