नाव विकले, कारखाना उरला

फेब्रुवारी २०२४ मध्ये रावळगाव शुगर फार्म या जुन्या कंपनीने आपल्या गोळ्यांची नावे रिलायन्स समूहातील एका कंपनीस २७ कोटी रुपयांना विकली. पान पसंद, मँगो मूड, टुटी फ्रुटी, कॉफी ब्रेक ही नावे ज्यांच्या बालपणाशी जडलेली आहेत, त्यांना क्षणभर हळहळ वाटली आणि बातमी मागे पडली. परंतु अर्थशास्त्राच्या दृष्टीने या व्यवहारात जे विकले गेले त्यापेक्षा जे विकले गेले नाही, ते अधिक बोलके आहे. व्यापारचिन्हे, पाककृती आणि बौद्धिक संपदेचे हक्क खरेदीदाराकडे गेले. जमीन, इमारती आणि यंत्रसामग्री मूळ कंपनीकडेच राहिली. खरेदीदारास कारखाना नको होता. त्याला नाव हवे होते. मालाची किंमत शेतात आणि भट्टीत ठरते, असे मानणाऱ्या आपल्यासारख्या शेतीप्रधान जिल्ह्याने या गोष्टीचा शांतपणे विचार करावयास हवा.

रावळगाव हे नाशिक जिल्ह्यातील मालेगाव तालुक्यातले गाव. आपल्या वाशीम जिल्ह्यातील मालेगावशी त्याचा संबंध नाही. सोलापूरात जन्मलेले उद्योगपती वालचंद हिराचंद यांनी १९२०च्या दशकात तेथील माळरान घेऊन उसाची लागवड केली, १९३३ मध्ये कंपनी स्थापन झाली आणि १९४२ मध्ये, महायुद्ध चालू असताना, गोळ्यांचे उत्पादन सुरू झाले. याच काळात वालचंदांनी बंगळूरला विमानांचा आणि विशाखापट्टणमला जहाजबांधणीचा कारखाना उभारला, याची आठवण ठेवली म्हणजे त्या गोळीमागील दृष्टी ध्यानात येते. ऊस विकण्याऐवजी साखर करावी आणि साखर विकण्याऐवजी गोळी करावी, हा तो विचार होता. पाठ्यपुस्तकात ज्यास मूल्यवृद्धी म्हणतात ती याहून वेगळी नव्हे.

गोळीचे तंत्रही अवघड नाही. एकतारी पाक आणि गोळीबंद पाक यांतील फरक आपल्या घरातील कोणतीही गृहिणी सांगू शकेल. साखर आणि ग्लुकोज यांचा पाक सुमारे १५० अंश सेल्सिअसपर्यंत आटविला की थंड झाल्यावर काचेसारखी कडक गोळी होते. तोच पाक कमी तापमानास उतरवून, त्यात स्निग्धांश घालून वारंवार ताणला की दातांखाली लवणारी, चघळण्याची गोळी तयार होते. आंबटपणा येतो सायट्रिक आम्लाने आणि फळाचा भास होतो सुगंधी द्रव्याने. फळ त्यात बहुधा नसतेच. वेष्टनावर संत्र्याची फोड रंगविलेली असते आणि खाली बारीक अक्षरांत सुगंधी द्रव्याचा उल्लेख असतो.

मग इतका साधा धंदा रावळगावला का झेपला नाही? कंपनीनेच दिलेली कारणे अशी : संघटित व असंघटित उत्पादकांची स्पर्धा वाढली, कच्चा माल, ऊर्जा आणि मजुरी महागली, आणि त्या प्रमाणात विक्रीची किंमत मात्र वाढविता आली नाही. यातील शेवटचे कारण सर्वांत महत्त्वाचे आहे. गोळीची किंमत खर्चावरून ठरत नाही, ती नाण्यावरून ठरते. पन्नास पैशांची गोळी पंचावन्न पैशांना विकता येत नाही. ती एकदम रुपयावरच जाते, आणि दुप्पट किंमत देण्यास मूल तयार नसते. पंचवीस पैशांचे व त्याखालील नाणे ३० जून २०११ पासून चलनातून बाद झाले, तेव्हा किमतीच्या जिन्याची खालची पायरीच निघाली. अशा स्थितीत उत्पादकाच्या हाती दोनच उपाय राहतात : गोळी लहान करणे, किंवा इतक्या प्रचंड संख्येने विकणे की एका गोळीमागील अल्प नफाही पुरेसा व्हावा. दुसऱ्या उपायास देशभर पसरलेली वितरणव्यवस्था आणि जाहिरातीचा मोठा खर्च लागतो. १९९१ नंतर परदेशी कंपन्या हे भांडवल घेऊनच उतरल्या. पार्ल्याचा १९२९चा कारखानाही गोळ्यांपासूनच सुरू झाला होता. पण त्यास पुढे बिस्किटांचा विस्तृत आधार मिळाला. रावळगावला तसा आधार नव्हता. शिवाय सुट्या पैशांऐवजी दुकानदार हातावर गोळी ठेवी, तो व्यवहारही मोबाइलवरून पैसे देण्याच्या पद्धतीमुळे आता आटत चालला आहे.

तरीही सर्व काही गमावलेल्या या कंपनीजवळ एक मोलाची वस्तू शिल्लक होती. ती म्हणजे लोकांच्या स्मरणातील नाव. नावाच्या मालकीचा अर्थ किती व्यापक असतो, हे इतर उदाहरणांवरून दिसेल. ब्रिटनमध्ये १९६० मध्ये ओपल फ्रुट्स या नावाने फळांच्या स्वादाची चघळण्याची गोळी निघाली. जवळजवळ चार दशके ती लोकप्रिय असूनही १९९८ मध्ये मार्स कंपनीने ते नाव पुसून, जगभर एकच नाव असावे म्हणून, स्टारबर्स्ट हे नाव दिले. आपल्याकडे गोल्ड स्पॉट हे संत्र्याच्या स्वादाचे पेय १९९३ मध्ये कोका-कोला कंपनीकडे गेले आणि पुढे बाजारातून नाहीसे झाले. नाव विकत घेणाऱ्यास ते वाढविण्याचा अधिकार असतो, तसाच ते पुरण्याचाही असतो. उलट, रिलायन्सनेच विकत घेतलेले कॅम्पा हे जुने नाव पुन्हा बाजारात आले आहे. तेव्हा रावळगावच्या गोळ्यांनाही चांगले दिवस येतील, असे म्हणता येईल. पण हा निर्णय आता मुंबईतील कार्यालयात होईल, रावळगावात नव्हे.

आता आपल्याकडे वळू. वाशीम जिल्हा १ जुलै १९९८ रोजी अकोल्यातून वेगळा झाला आणि २०१८ मध्ये केंद्र शासनाने आकांक्षित जिल्ह्यांच्या यादीत त्याचा समावेश केला. येथील सोयाबीन दाण्याच्या रूपात बाहेर जाते. संत्र्याची स्थिती फारशी निराळी नाही. व्यापारी बाग पाहतो, झाडावरच सौदा ठरतो, आणि ट्रक निघून गेल्यावर त्या फळाशी बागाईतदाराचा संबंध संपतो. बांगलादेशाने २०१९ नंतर टप्प्याटप्प्याने आयात शुल्क वाढविले, तेव्हा विदर्भातील संत्र्याचे भाव कोसळले. एका शेजारी देशाच्या एका आदेशाने आपला हंगाम कोलमडतो, कारण आपल्याजवळ फळ आहे, पण नाव नाही. आणि याच गावांतील शाळांसमोरच्या टपरीवर, संत्र्याचे चित्र असलेली आणि संत्रे नसलेली गोळी मुले विकत घेतात.

यावर तालुक्या-तालुक्यात गोळ्यांचे कारखाने काढा, असा उपाय सुचविणे सोपे आहे. पण तो फसवा ठरेल. संत्र्याचा अस्सल सुगंध सालीतील तेलात असतो हे खरे. परंतु ते तेल फळाच्या वजनाच्या एक टक्काही भरत नाही. रसाचा मोठा कारखाना चालत असेल तरच उरलेल्या सालींपासून तेल काढणे परवडते. आणि आपले संत्रे रसासाठी अवघड आहे : त्यात बिया पुष्कळ असतात आणि काढलेला रस काही वेळाने कडवट होतो. म्हणजे हे फळ मुळात सोलून खाण्याचे आहे. नागपूरच्या केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्थेच्या कामाकडे आपण या दृष्टीने पाहिले पाहिजे. कमी बियांची रोपे आपल्या बागांत किती झपाट्याने येतात, यावर उद्याचे कारखाने अवलंबून राहतील. तोवर नागपूरची संत्रा बर्फी हे अधिक वास्तव उदाहरण होय. तिच्यात प्रत्यक्ष फळ जाते आणि तिच्या नावातच प्रदेश आहे.

या ठिकाणी कायद्यातील एका भेदाकडे लक्ष वेधणे आवश्यक वाटते. व्यापारचिन्ह ही मालकाची खाजगी संपत्ती असते. ते विकता येते, आणि रावळगावच्या बाबतीत तेच झाले. भौगोलिक उपदर्शनाचे तसे नाही. १९९९च्या कायद्यान्वये नोंदलेले असे नाव कोणासही विकता अथवा हस्तांतरित करता येत नाही. ते त्या प्रदेशातील उत्पादकांचे सामाईक धन असते. नागपुरी संत्र्यास ही नोंदणी २०१४ मध्ये मिळाली. परंतु नोंदणी झाली म्हणजे लाभ झाला, असे होत नाही. ज्यांच्या बागा नोंदलेल्या क्षेत्रात येतात, त्यांनी अधिकृत वापरकर्ते म्हणून आपली नावे नोंदविली पाहिजेत. ज्यांच्या येत नाहीत, त्या बागाईतदारांच्या उत्पादक कंपन्यांना सामूहिक व्यापारचिन्हाचा मार्ग मोकळा आहे. प्रतवारी करून, पेटीवर स्वतःचे नाव छापून माल पाठविणे यास अवाढव्य भांडवल लागत नाही. लागते ती सचोटी. वरच्या थरात मोठी फळे आणि तळाशी बारीक, असा प्रकार एकदा झाला तरी नाव बुडते.

नाव हे भांडवल असते, पण ते बँकेतून उचलता येत नाही. ते हंगामामागून हंगाम, पेटीमागून पेटी साठवावे लागते. रावळगावने ते ऐंशी वर्षे साठविले, म्हणून व्यवसाय थकल्यावरही त्यास २७ कोटी रुपये मिळाले. आपला बागाईतदार पिढ्यानपिढ्या उत्तम फळ पिकवीत आला, आणि त्याच्या खाती नावाचा एक रुपयाही जमा नाही. दोघांच्या कष्टांत फारसे अंतर नसावे. अंतर आहे ते वेष्टनाचे. येत्या हंगामात जिल्ह्यातून जी फळे बाहेर जातील, त्यांच्या पेट्यांवर कोणाचे नाव असावे, याचा निर्णय ट्रक भरण्यापूर्वी घ्यावा लागेल. आणि तो घेण्यासाठी मुंबईकडे पाहत बसण्याचे कारण नाही.