कोदोचा भाव, कोणाचा लाभ?

बीरगांवच्या आसपास सगळा भातच. पण छत्तीसगडच्या डोंगराळ भागात कोदो-कुटकीही पिकते. कोदो म्हणजे कोकणातला हरीक. २०२३ हे आंतरराष्ट्रीय पौष्टिक तृणधान्य वर्ष ठरलं आणि अशा धान्यांना जगभर मागणी आली. केंद्राचा हमीभाव मात्र ज्वारी, बाजरी, नाचणीलाच! म्हणून २०२१ मध्ये राज्याने मिलेट मिशन सुरू केलं, कोदोला क्विंटलमागे ३,००० रुपये दर जाहीर केला.

खरी मेख टरफलात आहे. ते कठीण, थरावर थर. गावात यंत्र नसेल तर शेतकरी टरफलासकट धान्य विकतो आणि वरची कमाई दुसऱ्याच्या खिशात जाते. म्हणून मंडळी, कोदो घेताना पाकीट उलटून पाहा: बचत गटाचं किंवा शेतकरी कंपनीचं नाव दिसलं, तर तेच उचला.