गांधी सुटले, कस्तुरबा अडकल्या

दर ५ नोव्हेंबरला आमच्या सांगलीत रंगभूमी दिन साजरा होतो. १८४३ साली इथंच विष्णुदास भाव्यांनी 'सीता स्वयंवर' केलं. सीतेच्या वेशात अर्थातच पुरुष होता. २०१९ साली भाव्यांच्या नावाचं गौरवपदक रोहिणी हट्टंगडींना मिळालं तेव्हा आनंद झाला. पण मन हिशेब मांडू लागलं.

'गांधी' हा १९८२ चा चित्रपट. ब्रिटिश नट बेन किंग्जली गांधी झाला, रोहिणीताई कस्तुरबा. दोघंही पडद्यावर म्हातारे झाले, दोघांनाही ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळाला. किंग्जली मात्र म्हातारपण पुसून मोकळा झाला. 'शिंडलर्स लिस्ट'मध्ये हिशेबनीस, 'सेक्सी बीस्ट'मध्ये गुंड! आणि रोहिणीताई? 'सारांश'मध्ये (१९८४) ऐन उमेदीत वृद्ध आई. 'अग्निपथ'मध्ये (१९९०) अमिताभ बच्चनची आई, वयाने त्याच्याहून लहान असून! मग २००१ पासून अकरा वर्षांहून अधिक काळ 'चार दिवस सासूचे', तीन हजारांवर भाग. 'पार्टी'सारख्या वेगळ्या भूमिका मिळाल्या, नाही असं नाही. पण ते अपवादच.

कुणी म्हणेल, हा तर अभिनयाचा गौरव. अभिनय थोर आहेच. पण ती ताकद राबवली कशासाठी? नायकाचं वय झाकायचं तर कुणा बाईला अकाली म्हातारं व्हावं लागतं. या व्यवस्थेत पुरुषाला वय नसतं, बाईला वयाखेरीज काही नसतं.

नुसतं मुंबईकडे बोट दाखवून भागणार नाही. आमच्या गटाच्या पथनाट्यात चाळिशी ओलांडल्यापासून मी सासूच करते आहे. कुणी ठरवलं? कुणीच नाही. मीच डोक्यावर पदर घेऊन उभी राहिले. हुंड्याविरुद्ध घसा कोरडा करताना आम्हीही बाईचे दोनच खण केले: जळणारी सून आणि जाळणारी सासू.

येत्या ८ मार्चला मी सासू करणार नाही. सातबाऱ्यावर आपलं नाव लागावं म्हणून तलाठ्याशी भांडणारी पन्नाशीची बाई करणार आहे. ती कुणाची आई आहे, हे नाटकात कुणी विचारणार नाही.

तुमच्या गटात सासू कोण करतं? पुढच्या बैठकीत एवढं एकदा विचाराच.